उब्बोला मारायचं कसं

जानेवारीतल्या त्या शनिवारी उकेना घराण्यातले सगळे रस्त्यावरून गोळा लोटत न्यायच्या दरवर्षीच्या खेळासाठी लाकडी गोळा आणि दारूची हातगाडी घेऊन बांधाच्या रस्त्याला लागले, तेव्हा टेडानं मनाशी ठरवलं होतं की बाबाला आज सांगायचंच, पण जेवण झाल्यावर. केलच्या पाल्याची भाजी आणि चरबीनं ओथंबलेलं सॉसेज पोटात गेलं की माणसात रागावण्याचंही त्राण राहत नाही, हा या घराण्याचा पिढ्यान्‌पिढ्यांचा अनुभव. अर्धी जमीन विकून टाकल्याचं टेडाच्या आजोबांनी याच जेवणानंतर सांगितलं होतं आणि कुणी हूं की चूं केलं नव्हतं.

सांगायचं होतं ते एवढंच, की कॅप्टन उब्बो मरणार.

कॅप्टन उब्बो हा टीव्हीवरचा माणूस. दर मंगळवारी संध्याकाळी, बातम्यांच्या आधी, तो आपली फेरीबोट बेटावर न्यायचा, परत आणायचा आणि मधल्या वेळात कुणाचा तरी संसार सावरायचा. एकोणीस वर्षं हे चाललं होतं आणि ते लिहीत होती टेडा. तिनं उब्बोला उभा केला होता आपल्या बापावरून. आयलर्ट उकेनानं खरोखरच सगळी उमर वेस्टरझीलच्या धक्क्यापासून बेटापर्यंत बोट हाकण्यात घालवली होती. उब्बोची दाढी बापाची, टोपी बापाची, चालताना डावा खांदा पाडायची खोडही बापाचीच. स्वभाव तेवढा कुठून आला देव जाणे. उब्बो प्रेमळ होता.

तशी टेडा निघाली होती मोठी कलावंत व्हायला. बर्लिनच्या फिल्म शाळेत तिनं तीन तासांची एक पटकथा लिहिली, तिच्यात एक बाई समुद्राकडे बघत बसते. मास्तरांनी ती डोक्यावर घेतली, पैसा मात्र कुणीच लावला नाही. मग पोटासाठी रविवारचे गुन्हेपट आले. त्यांत तिनं बरेच खून पाडले आणि मुडदे बहुतेक नात्यातलेच होते, नावं बदलून. पुढे डोंगरातल्या गुरांच्या डॉक्टरची मालिका मिळाली. तिथं वाहिनीचा नियम एकच, गाय मेली तरी चालेल, कुत्रा मरता कामा नये. आणि मग उब्बो आला, टेडाच्या डोक्यावर स्वतःचं छप्पर आलं. लोक उब्बोला ओळखत, उब्बो करणाऱ्या नटाला ओळखत, उब्बोच्या कुत्र्याला तर कुठल्याही हॉटेलात फुकट मटण मिळे. लिहिणारीचं नाव शेवटी पडद्यावरून इतक्या घाईनं पळायचं, की तिच्या सख्ख्या आत्यालाही ते कधी वाचता आलं नव्हतं.

पण एक गोष्ट टेडानं सुरुवातीलाच पदरात पाडून घेतली होती. करारात कलम होतं की उब्बोचा जन्म तिनं लिहिलाय, तर मरणही तीच लिहील. म्हणूनच वाहिनीच्या हॅम्बुर्गमधल्या ब्रांडिसबाई गोड बोलत होत्या. या बाईंच्या होकाराशिवाय उब्बो शिंकतसुद्धा नसे. नटाचे गुडघे गेलेत, त्या म्हणाल्या, प्रेक्षक म्हातारे झालेत, तेव्हा उब्बोला छानपैकी मारा आणि बोट एखाद्या तिशीतल्या मुलीच्या हाती द्या. तेवढं नीट जमवलंत तर तुमचा चित्रपट मी करते.

टेडाचा चित्रपट म्हणजे थिएटरात लागणारा, कुत्रा नसलेला, तिच्या आईचा. उकेना बेटावर राहत होते तेव्हाची गोष्ट. टेडा अकरा वर्षांची असताना एका सकाळी गेशे उकेना दोन सुटकेसा घेऊन घराबाहेर पडली आणि नवऱ्यानं चालवलेल्या बोटीतूनच त्याला सोडून गेली. जायला दुसरी बोटच नव्हती. घरात हा विषय कुणी काढत नसे. बाबानं विचारलं तेव्हा टेडानं चित्रपट समुद्राविषयी आहे असं सांगून वेळ मारून नेली होती.

जेवायला अजून बराच वेळ होता. रस्त्यावर दोन टोळ्या पडल्या होत्या आणि टेडाचा धाकटा भाऊ फोको गोळा लोटायला धावत सुटला होता. तेवढ्यात त्याच्या बायकोनं किंकाळी फोडली.

"ताईऽऽ!"

फोकोचा हात हलला आणि गोळा तिरपा पळत थेट खंदकात गेला.

"काय बोंबलतेस गं?" फोको म्हणाला. "कुणी मेलं का?"

"उब्बो!" इम्के हातातला फोन नाचवत म्हणाली. "उब्बो मरणार म्हणे! वुपर्टालच्या सहलवाल्या बाईचा फोन होता. बातमी आलीय. मे महिन्यातल्या बसगाड्या रद्द करू का म्हणून विचारतेय. ताई, हे खरंय?"

इम्केनं राहत्या घराचं 'उब्बोचं घर' केलं होतं. खाली चहा, वर झोपायच्या खोल्या आणि बागेतल्या बाकावर खरा कॅप्टन, म्हणजे सासरा. बसमधून उतरलेली माणसं त्याच्या शेजारी बसून फोटो काढत.

सगळ्यांनी टेडाकडे पाहिलं आणि मग एकदम आयलर्टकडे. ब्याऐंशी वर्षांचा आयलर्ट लांब दांड्याची जाळी खंदकात बुडवून गोळा शोधत होता. त्यानं वरही पाहिलं नाही.

"इथं बर्फ पातळ आहे," तो म्हणाला.

"खरंय," टेडा म्हणाली. "जेवण झाल्यावर सांगणार होते."

"धक्का बसलाय त्यांना," इम्के कुजबुजली. "बघा, बोलतसुद्धा नाहीयेत."

"आमचा दादा कधी बोलतो?" हिस्के आत्यानं हातगाडीवरची बाटली उघडली. ती आयलर्टची धाकटी बहीण, पंचाहत्तरीची, अंगानं काडी आणि जिभेनं कोयता. "मला एवढंच सांग टेडा, मारतेयस कसं? मला मारलंस तसं नको."

"आत्या, ती तू नव्हतीस."

"माझा स्वेटर घातला होता तिनं! आणि कशानं मेली, तर माशाचा काटा घशात अडकून. किनाऱ्यावरची बाई! आमच्यात काट्यानं कुणी मरत नाही, काट्यानं मरतात ते म्युनिकचे. वर्षभर मला बाजारात तोंड दाखवायची सोय नव्हती."

"आणि पहिल्याच भागात उब्बो चहा ढवळतो," फोकोनंही जुनं उगाळलं. "साय टाकलेला चहा आपल्याकडे कुणी ढवळतं का? चमच्यानं! लोक मला विचारत होते, तुझी बहीण वेस्टरझीलचीच ना?"

"नट म्युनिकचा होता," टेडा म्हणाली. एकोणीस वर्षं ती हेच उत्तर देत होती आणि एकोणीस वर्षं ते कुणाला पटत नव्हतं.

आयलर्टला गोळा सापडला. त्यानं तो विजारीला पुसला आणि पुढच्या माणसाच्या हातात दिला. खेळ पुढे चालू झाला खरा, पण मन कुणाचंच लागेना.

खाणावळीत पोचेपर्यंत दोन तट पडले होते. भाजीची मोठी पातेली टेबलावर आली आणि भांडणाला तोंड फुटलं.

"मारायची गरजच काय म्हणतो मी?" फोको म्हणाला. "कॅनडाला पाठव. मुलीकडे. म्हातारे जातात की कॅनडाला."

"त्याची मुलगी ऑस्ट्रेलियात आहे," टेडा म्हणाली. "तुझ्या घरात मालिकेवर बसगाड्या येतात आणि तुला एवढंही माहीत नाही?"

"त्या वेळी मी गाईंचं दूध काढत असतो."

"ते काही नाही," इम्केनं काटा खाली ठेवला. "ताई, तुम्ही हॅम्बुर्गला बसून लिहिता, इथं बाबांना लोक काय म्हणतील? धक्क्यावर उभे राहिले तर बायका रडतील. या वयात माणसाला स्वतःचं मरण टीव्हीवर दाखवायचं? माझा विरोध आहे. बाबांच्या जिवासाठी म्हणतेय मी."

"बाबांच्या जिवासाठी की मे महिन्यासाठी?" आत्यानं विचारलं.

"आत्या, तुम्ही गप्प बसा. तुम्ही आधीच मेलायत."

"म्हणूनच म्हणते, मार त्याला!" आत्यानं टेबलावर मूठ आपटली. "दुसऱ्याच वर्षी मारायला हवा होता. कसला गं तो मेला गोडघाशा! सारखा लोकांच्या खांद्यावर हात ठेवतो. आमच्या घराण्यात कुणी कुणाच्या खांद्यावर हात ठेवलेला बघितलायस? शवपेटी उचलताना सोडून?"

आयलर्ट खात होता. त्यानं भाजी आणखी वाढून घेतली आणि मोहरीची बरणी ओढली. टेडा त्याच्या चेहऱ्याकडे बघत होती. या चेहऱ्यावरून तिनं आयुष्यभर लिहिलं होतं, पण त्यावर काय लिहिलंय ते तिला कधीच वाचता आलं नव्हतं. आपण त्याच्या जिवंतपणीच त्याचा मृत्युलेख लिहायला घेतलाय आणि तोही चित्रपटाच्या लालचीनं, असं तिला वाटलं.

"ताई," इम्के थोड्या वेळानं म्हणाली. तिचा आवाज बदलला होता. "त्याला पुरणार की जाळणार?"

"कुणाला?"

"उब्बोला हो. पुरणार असाल तर दगड लागेल ना, नावाचा? शूटिंग संपल्यावर त्याचं काय करतात?"

"फेकून देतात. का?"

"नाही, म्हटलं, आपल्या बागेत ठेवता आला असता. सफरचंदाखाली. लोक फुलं घेऊन येतील. जिवंत माणसाला काही फुलं आणत नाहीत कुणी."

"अगं, त्याच बागेत बाबा बसतात!" फोको म्हणाला.

"मग? फोटोला दोघंही एकत्र येतील."

आत्या इतकी हसली की तिला ठसका लागला, आणि सगळ्यांनी घाबरून तिच्या ताटात मासा नाही ना ते बघितलं. एवढ्यात तट बदलले होते. इम्के मारणाऱ्यांत जाऊन बसली होती आणि बायको तिकडे गेल्यावर फोकोनंही कॅनडाचा आग्रह सोडला. बिचारा उब्बो एकटा पडला.

तेवढ्यात टेडाचा फोन वाजला. ब्रांडिसबाई. खाणावळीत आवाज कापला जात होता म्हणून टेडानं फोन टेबलावर ठेवून मोठ्यानं लावला, आणि ती चूक झाली.

"उकेनाबाई, मला शेवट सुचलाय!" बाईंचा आवाज पातेल्यांवर पसरला. "वाळूवर सूर्य मावळतोय. लेक ऑस्ट्रेलियाहून येते, नेमकी वेळेवर. तिच्या लहानपणी जे जे बोलायचं राहिलं ते सगळं तो बोलतो. माफी मागतो. तुझा अभिमान वाटतो म्हणतो. हात हातात. कुत्रा पायाशी. आणि मग डोळे मिटतो. अख्खा देश रडेल हो! एवढा समेट मला मनासारखा लिहून द्या, तुमचा चित्रपट मी सोमवारी वरच्यांपुढे ठेवते. समेट नसेल तर मात्र माझे हात बांधलेत."

"छान आहे," इम्के डोळे पुसत म्हणाली. तिला खरंच रडू आलं होतं.

खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. आयलर्ट उठला होता. भाजी अर्धी तशीच होती. उकेना माणूस केलची भाजी ताटात टाकून उठतो हे आजवर कुणी पाहिलं नव्हतं. त्यानं टोपी घातली आणि मागच्या दारानं तो बाहेर गेला.

"बघा," फोको म्हणाला. "मारलंत ना म्हाताऱ्याला?"

टेडानं फोन बंद केला आणि ती बापाच्या मागे धावली.

खाणावळीच्या मागे सायकलींच्या छपराखाली आयलर्ट पाइप भरत उभा होता. वाऱ्यानं काडी पेटत नव्हती. टेडानं आडोशाला हात धरला.

"बाबा, मी नाही म्हणून सांगते त्यांना. राहू दे तो जिवंत. बसू दे गुडघे धरून."

"खबरदार!" आयलर्ट म्हणाला. "मेला तर मी सुटलो."

"सुटलास?" टेडानं विचारलं.

"एकोणीस वर्षं झाली, धक्क्यावर मला मोकळेपणी एक शिवी देता आलेली नाही," तो म्हणाला. "साखळी पायावर पडली त्या दिवशी तोंड उघडलं, तर स्टुटगार्टची कुणी बया म्हणते, कॅप्टन उब्बो असं बोलत नाहीत हं. लोक येऊन मला बायकोचं विचारतात. म्हणे, ती निघून चाललीय, काय करू? मला विचारतात! मला!"

"मग इतकी वर्षं बोलला का नाहीस? मला वाटायचं, तुला आवडतं. दर मंगळवारी बघायचास."

"आवडण्यासारखं काय आहे त्यात? बघत होतो, काय काय करायला हवं होतं ते." काडी पेटली. त्यानं दोन झुरके घेतले. "तुझ्या शाळेच्या समारंभाला मी आलो नाही. तो गेला. उब्बो ओहोटी गाठून, उघड्या पडलेल्या चिखलातून चालत गेला, हरामखोर. फोकोला मी पाण्यात ढकलून दिलं आणि म्हटलं, पोह. त्यानं पोटाखाली हात धरला. तुझ्या लग्नाआधी त्यानं लेकीला सांगितलं, हा माणूस बरा नाही. मलाही दिसत होतं. मी सांगितलं नाही."

"तो खरंच बरा नव्हता," टेडा म्हणाली.

"ते खाडीतल्या सील माशांनासुद्धा कळत होतं."

टेडाला हसू आलं आणि डोळेही भरून आले. भल्या-बुऱ्या बापांसाठी हजारो वाक्यं लिहिलेल्या बाईजवळ स्वतःच्या बापासाठी एक नव्हतं.

"मग मी ठरवायचो," आयलर्ट म्हणाला, "की चला, म्हातारा झालो, आता बोलून टाकू पोरीशी. येईल तेव्हा बोलू. तर मंगळवारी हा हजर. माझ्या ओठावरचं याचं बोलून झालेलं. तेही व्हायोलिन लावून, सगळ्या देशादेखत. मग मी काय बोलणार? तू म्हणशील, बापानं टीव्हीवरून उचललं. आणि ते तूच लिहिलेलं!"

"नसते म्हणाले."

"म्हणाली असतीस. तू माझी मुलगी आहेस." त्यानं पाइपानं दाराकडे खूण केली. "आणि आता ती बाई म्हणते, मरताना माफी मागू दे. सगळं राहिलेलं बोलू दे. मग माझ्यासाठी ठेवलंयस काय तू?"

आत कुणीतरी टेबल बडवत होतं. हिस्के आत्यानं सगळ्यांत जास्त भाजी खाल्ली होती आणि तिला यंदाची राणी करत होते. टेडाला एकदम फार लाज वाटली, आणि बापाचा फार राग आला, आणि त्याच्यावर कधीच वाटलं नव्हतं तितकं प्रेम वाटलं. हे सगळं एकाच वेळी, त्या सायकलींमध्ये. चित्रपटासाठी तिनं अर्धं आयुष्य वाट पाहिली होती. तिनं फोन काढला.

"ब्रांडिसबाई, उब्बो मरेल. पण समेट नाही."

"म्हणजे?"

"लेक येते तेव्हा तो गेलेला असतो. काही बोलणं होत नाही."

"उकेनाबाई, प्रेक्षक मला फाडून खातील!"

"खातील."

"कलम तुमच्या बाजूनं आहे, मी जबरदस्ती करू शकत नाही. पण मग तुमच्या चित्रपटाचं मी वर काय सांगू?"

टेडानं बापाकडे पाहिलं. तो सायकलीची घंटी वाजतेय का ते बघत होता.

"होणार नाही म्हणून सांगा," ती म्हणाली आणि फोन खिशात टाकला.

"काय म्हणाली?" आयलर्टनं विचारलं.

"चित्रपट गेला."

"तो समुद्रावरचा?"

"समुद्रावरचा नव्हता, बाबा. आईवरचा होता. ती गेली त्या दिवसावरचा."

"ठाऊक आहे. हिस्केनं सांगितलं. तू अंघोळीला गेलीस की ती तुझे कागद वाचते." त्यानं पाइप ओठांतून काढला. "मी काय करतो त्यात?"

"तिकीट मागतोस," टेडा म्हणाली. "बेटावर सगळे तेच सांगायचे. आयलर्टनं स्वतःच्या बायकोकडे तिकीट मागितलं."

"मागितलं. बोट लहान, तिकिटं मीच फाडायचो. सगळ्यांकडे मागत आलो, तिच्यापाशी पोचलो, तर हात आपोआप पुढे गेला. दुसरं काय करतात ते मला येत नव्हतं." आयलर्टनं पाइपातली राख झटकली. "तिच्याकडे तिकीट नव्हतं. म्हणाली, जायचं दे."

"मग?"

"मी जाण्यायेण्याचं फाडलं."

"परतीचंही?" टेडानं विचारलं.

"तिनं बघितलं. माझ्याकडे नाही, तिकिटाकडे. घडी घातली आणि पर्समध्ये ठेवलं. परत दिलं नाही. तो हिवाळाभर दुपारी इकडच्या धक्क्यावरून परतीची बोट जरा उशिरा सोडायचो मी. लोकांनी तक्रार केली. मी म्हणायचो, इंजिन गरम होतंय."

टेडाला रडू फुटलं होतं. पण एकोणीस वर्षांची सवय वाईट. रडता रडताच तिच्या आतली लेखिका कान टवकारून बसली होती, आणि आयलर्टच्या ते बरोबर ध्यानात आलं.

"हे त्या उब्बोच्या तोंडी घालू नकोस," तो म्हणाला. "हे माझं आहे."